चारचं ऊन

"लाइट लो, दादा," मेधा म्हणाली आणि तिने फाइल मिटली. हैदराबादेत हे सगळ्या दुखण्यांवरचं औषध आहे. मनाला लावून घेऊ नका, सोडून द्या. पुण्याहून आलेली ही दिग्दर्शिका तीन महिन्यांत तेवढंच हैदराबादी बोलणं शिकली होती.

प्रशांतने मान हलवली. सोळा वर्षं तो छोट्या छोट्या सिनेमांचा कॅमेरामन होता आणि सोळा वर्षं लोक त्याला हेच ऐकवत आले होते. सिनेमा लागला नाही, लाइट लो. महोत्सवात नाव चुकीचं छापलं, लाइट लो. आता मात्र तो पार थकला होता. त्याच्या मित्राने, युवराजने, आपल्या कंपनीत त्याच्यासाठी नोकरी बघून ठेवली होती. कारखान्यात हेल्मेट कसं घालावं, असले व्हिडिओ काढायचे. आजच्या आज होकार द्यायचा होता.

नल्लकुंटा भागातल्या या शूटिंगच्या घरात चार वाजता खिडकीतून ऊन यायचं आणि दहा मिनिटांत जायचं. शेवटचा शॉट त्या उन्हातला होता. रिकामी खुर्ची आणि तिच्यावर ऊन. तीन दिवस ढग हटले नव्हते, आणि घर उद्या सोडायचं होतं.

प्रशांत लेन्स पेटीत ठेवू लागला. घरमालक एकनाथराव नेहमीप्रमाणे खिडकीशी बसले होते, हात चौकटीवर ठेवून. आठ वर्षांपूर्वी त्यांची दृष्टी गेली होती.

"नक्को आवरू, बेटा," ते म्हणाले. "आलं बघ. बोटांना लागलं."

प्रशांत वळला. भिंत अजून करडीच होती. पण म्हाताऱ्याच्या बोटांवर ऊन होतं आणि ते हळूहळू मनगटाकडे सरकत होतं. खुर्ची राहू दे, म्हणत प्रशांतने कॅमेरा त्या हाताकडे वळवला.

तेवढ्यात फोन वाजला. युवराज होता.

"साहेब निघालेत. हो म्हण पटकन, नाही तर दुसऱ्याला देतील."

"देऊ देत."

"वेडा झालास का? कोण बघणारे तुझा पिच्चर? लाइट लो, यार!"

प्रशांतने कॅमेऱ्यावरचा डोळा काढला नाही.

"घेतोय," तो म्हणाला.