आठ तासांची अट

"हीसुद्धा नाही," म्हणत साहेबांनी फाइल मिटली आणि चष्मा कपाळावर ढकलला.

शोधाशोधीचा तिसरा दिवस होता. दूरसंचार खात्याच्या संशोधन ग्रंथालयातलं लांब टेबल जुन्या फायलींच्या गठ्ठ्यांनी भरून गेलं होतं. साहेब याच खात्यातून उपसंचालक म्हणून निवृत्त झालेले. समोर बसलेली विद्यार्थिनी खात्याच्या धोरणांवर प्रबंध लिहीत होती, आणि त्यातलं सगळ्यात मोठं प्रकरण साहेबांच्या मुलाखतीवर उभं होतं.

गोष्ट सोळा वर्षांपूर्वीची. वीज गेली तरी मोबाइलचा प्रत्येक टॉवर आठ तास चालला पाहिजे, तेवढी बॅटरी तिथे हवी, अशी अट होती. खात्याने ती दोन तासांवर आणली. पुढच्याच वर्षी नदीला पूर आला. दुपारी दोनला वीज गेली, चार वाजता टॉवर मुके झाले, सहाला धरणाचे दरवाजे उघडले. पाणी सोडल्याचा निरोप खालच्या वस्तीपर्यंत पोचलाच नाही. एकवीस माणसं गेली.

"मी लेखी विरोध केला होता," साहेब सांगत. व्याख्यानांत सांगत, फिरायला येणाऱ्या मित्रांना सांगत, नातवंडांना सांगत. "आकडे मांडून दाखवले होते. पण आमचं ऐकतो कोण!"

पुरानंतर पुन्हा आठ तासांची झालेली तीच अट खात्यात आता परत सैल करायचं घाटत होतं. त्यावर नेमलेल्या समितीने विद्यार्थिनीला तिच्या प्रबंधामुळे सोमवारी बोलावलं होतं. तोंडी सांगितलेलं तिथे चालणार नव्हतं.

"सर, तुमची ती टिपणी हाती लागली ना, तर अट सैल करू पाहणारे गप्प बसतील," ती म्हणाली आणि कालच्या कागदांच्या झेरॉक्स काढायला खाली गेली.

ग्रंथपालबाई तीन दिवस न बोलता गठ्ठे आणून देत होत्या. फडक्याने धूळ पुसायची, दोरी सोडायची, बाजूला व्हायचं. आत्ता त्या कपाटामागे गेल्या आणि एक पातळ फाइल घेऊन आल्या. तिच्यावर धूळ नव्हती.

साहेबांनी ती उघडली आणि त्यांचा चेहरा फुलला.

"सापडली! बघा, बघा. 'डोंगरापलीकडच्या सतरा गावांपर्यंत मदत पोचायला सरासरी सहा तास लागतात. दोन तासांनी फोन बंद पडला, तर मदत मागायची कशी? अट कमी करू नये.' हेच! शब्द न् शब्द हेच!"

इतकी वर्षं ते हीच वाक्यं बोलत आले होते. त्यांनी पान उलटलं, शेवटची ओळ वाचली आणि सहीवर बोट ठेवलं. बोट तिथेच थांबलं. अक्षर बारीक, नीटस होतं. त्यांचं नव्हतं. खाली कुणा सहायकाची दोन आद्याक्षरं होती.

त्याखाली हिरव्या शाईत, पसरट अक्षरात शेरा होता. 'मांडणी भावनिक आहे. अट शिथिल करण्यास हरकत नाही.' शेजारी सही. शेवटच्या अक्षराची शेपटी मागे वळवून घेतलेली.

ती सही ते आजही तशीच करत.

साहेबांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला. शेरा जागचा हलला नाही.

"हे कुणी पाहिलंय?" त्यांचा आवाज खाली आला होता.

"मी."

"आणखी कुणी?"

"नाही."

"रद्दीच्या यादीत असेल ना ही? एवढी जुनी आहे."

"दर वर्षी असते," बाई म्हणाल्या. "दर वर्षी मी ती काढून ठेवते."

जिन्यात पावलं वाजली. साहेबांनी फाइल अर्धी मिटली. पंजा तिच्यावर दाबून ठेवला.

"हा सहायक..." ते पुटपुटले. "पुढे काय झालं त्याचं?"

"बदली झाली. इथे, ग्रंथालयात. त्या आदेशावरही सही तुमचीच होती, साहेब."

साहेबांनी तीन दिवसांत पहिल्यांदा बाईंच्या चेहऱ्याकडे नीट पाहिलं. काही आठवलं नाही. तेच त्यांना जास्त लागलं.

"मग पहिल्याच दिवशी का नाही दिलीत ही?"

"वाटलं, तुमचं तुम्हाला आठवेल."

दार ढकलून विद्यार्थिनी आत आली. झेरॉक्सचा गठ्ठा तिने टेबलावर टाकला. साहेबांच्या हाताखालची फाइल तिला दिसली.

"मिळाली, सर?"

नाही म्हणणं सोपं होतं. बाई काही बोलणार नव्हत्या. सोळा वर्षं बोलल्या नव्हत्या. साहेबांनी त्यांच्याकडे पाहिलं. बाई खाली बघून सुटलेल्या दोरीची गुंडाळी करत होत्या.

साहेबांनी पंजा उचलला आणि फाइल विद्यार्थिनीकडे सरकवली.

"मिळाली," ते म्हणाले. "वरची टिपणी या बाईंची आहे. खालचा शेरा माझा."