नावाखालची सही

भित्तिपत्रकाच्या काचपेटीची चावी नाझमीन मॅडमकडं असायची. ती मागायला कॉलेजचे शिपाई दाजी आज पेटीपाशी उभे होते. “मॅडम, चावी व्हयी. प्रिन्सिपलांनी ता पान काढूक सांगल्यानी.” त्या पानावर तिच्या विद्यार्थिनीनं, तन्वीनं, लिहिलं होतं की संस्थाचालकांच्या हॉटेलचं सांडपाणी देवबागच्या खाडीत सोडलं जातं. अशीच बातमी नाझमीननं वर्तमानपत्रात असताना संपादकांच्या एका शब्दाखातर गाळली होती. पुढं टीव्हीवर गेल्यावर मालकांचा फोन येताच दुसरी स्वतःच्या हातानं कापली होती. आता शिकवायला आली, तर इथंही तेच! तिनं पेटी उघडली, पण पान काढलं नाही. लाल पेनानं तन्वीच्या नावाखाली लिहिलं, ‘शब्दन्‌शब्द मी तपासला आहे,’ सही केली आणि कुलूप लावून चावी पर्समध्ये टाकली. दाजी कळवळले. “मॅडम, नोकरी जातली!” “जावंदे, दाजी. आदल्यो दोन राखून बघितलंय.”