पहिला घास

चांदूर रेल्वेत काल्याचं कीर्तन आटोपलं. महाराज अन् टाळकऱ्यांना घेऊन गाडी अकोल्याकडे निघाली, अन् तासाभरात माणिकबाईंचा कुत्रा शेरू अंगणात झोकांड्या खाऊ लागला. मुलगा धर्मेंद्र त्याला उचलून जनावरांच्या डॉक्टरांकडे धावला.

"काय खाल्लं यानं? लपवाल तर औषध चुकेल माझं."

धर्मेंद्रनं मान खाली घातली. "भांगेची बर्फी, साहेब. शिवरात्रीले दोस्तानं देल्ली होती. देवघरात लपवली होती, आता डबा रिकामा आहे."

डॉक्टरांनी सलाईन लावलं. "अंधारात, उबेत निजू द्या. उद्यापर्यंत येईल ताळ्यावर. पण डबाभर नाही खाल्ली यानं. बाकीची कुठं गेली?"

धर्मेंद्रनं तिथूनच आईला फोन लावला.

"माय, देवघरातली बर्फी काय केली तू?"

"देवाजवळची म्हणून पहिला घास शेरूले टाकला, बाकीची बांधून देल्ली. काहून रे?"

"कोणाले देल्ली?"



"महाराजांच्या डायवरले. बिचारा जेवला नव्हता, म्हटलं गाडी चालवता चालवता खाशील बापा."