गोल ट्रे

"'पिक अप' म्हणजे काय, सांगा बरं," हॉटेलच्या मॅनेजरबाई म्हणाल्या. "आमच्या ड्रायव्हरला दिवसभर हाच शब्द ऐकावा लागतो. येतील तेवढे अर्थ सांगा."

काका ड्रायव्हरच्या नोकरीसाठी मुलाखतीला आले होते. कालच सूनबाईसमोर घडाघडा म्हणून दाखवलं होतं, इथे पाचावर धारण बसली. हात मांडीवर रिकामे पडले होते आणि तिथेच सगळं घोडं अडलं होतं. जन्मभर ट्रक चालवलेल्या या माणसाला हातात स्टिअरिंग नसलं की स्वतःचा पत्ताही धड सांगता येत नसे. म्हणून सूनबाईने शिकवणी घेतली ती त्यांच्या हातात जेवणाचं ताट देऊन. ती मागे स्टुलावर पाहुणी होऊन बसायची, भाजी निवडता निवडता इंग्रजीत हुकूम सोडायची. काका गिअर टाकत उत्तरं द्यायचे. नातवंडं हसून हसून लोळायची.

"ठीक आहे, कळवतो आम्ही," बाईंनी फाइल मिटली.

 म्हणजे पुन्हा घरी, पुन्हा खिडकीशी खुर्ची टाकून दुसऱ्यांच्या गाड्या बघत बसायचं. तेवढ्यात टेबलावरच्या चहाच्या ट्रेकडे काकांचं लक्ष गेलं. गोल होता.

"रागावू नका हं, बाई." त्यांनी कप खाली उतरवले, ट्रे दोन्ही हातांनी छातीसमोर धरला आणि डाव्या पायाने क्लच दाबला.

"पाहुण्यांना स्टेशनवरून आणायचं, पिक अप. त्यांची बॅग खाली पडली, उचलायची, पिक अप. फोन वाजला..."

"मग घ्या की!"

"चालत्या गाडीत? भलतंच काय!" काकांनी ट्रे वळवला, गाडी कडेला घेतली, ब्रेक दाबला आणि मगच हात कानाला लावला. "आता पिक अप. पुढे रस्ता मोकळा, वेग वाढवला, तोही पिक अप. आणि सूनबाईकडून मी इंग्रजी शिकतोय, हळूहळू जमतंय, तेसुद्धा पिक अपच म्हणे."

बाई उठल्या. आपली खुर्ची उचलून त्यांनी काकांच्या मागे नेऊन ठेवली आणि तीत ऐसपैस बसल्या.

"उद्यापासून खरी गाडी देते, काका. आज एवढं एअरपोर्टला सोडा. जरा सावकाश हं, मला गाडी लागते."

काकांनी डोक्यावरचा आरसा नीट केला. "पट्टा लावा, बाई."

बाईंनी लावला.