रेगेकाकूंचं लाटणं

मालिका लागताच दिगंबरने टीव्हीकडे पाठ करून भिंतीला कान लावला. पार्श्वसंगीत त्याचंच होतं, पण कौल पलीकडच्या रेगेकाकूंचा असे. मालिका ऐकत त्या पोळ्या लाटत, आणि सूर काळजाला भिडला की लाटणं थांबे.

“मायलेकींच्या भेटीला नुसती सारंगी?” निर्माता दुपारी कडाडला होता. “वेळ नाही म्हणून जाऊ देतो. भाग पडला, तर उद्या येऊ नकोस.”

सारंगी सुरू झाली. लाटणं चालूच होतं. दिगंबरने कान भिंतीवर आणखी दाबला.

“अहो, निदान बघा तरी!” बायको म्हणाली.

“गप! ऐकू दे.”

लाटणं थांबलं. पण पोळ्याच संपल्या असतील तर?

तेवढ्यात खिडकीतून करपलेल्या पोळीचा वास आला.