एक्केचाळीस दिवसांचं कुलूप

बँकेच्या वसुली साहेबाने सतरावी किल्ली लावून पाहिली, तरी कुलूप काही उघडेना.

त्याच्या हातात जप्त दुकानांच्या किल्ल्यांचा जुडगा होता, आणि कुठली कुणाची हे सांगणाऱ्या चिठ्ठ्या केव्हाच गळून गेल्या होत्या. किल्लीवाल्याच्या शटरवरचं लाखेचं सील त्याने फोडलं होतं, पण खालचं बँकेचं कुलूप हटून बसलं होतं. किल्लीवाल्याची बायको कोर्टाचा कागद घट्ट धरून उभी होती. कर्जदाराचं म्हणणं ऐकून न घेता केलेली जप्ती चालणार नाही, हप्ते नव्याने बांधून द्यावेत, आणि दुकान आज पाचच्या आत उघडून द्यावं, असं त्यात स्वच्छ लिहिलं होतं. पावणेपाच झाले होते.

"शाखेत शोधतो. उद्या उघडू," साहेब घाम पुसत म्हणाला.

"आज म्हणजे आज. कागदावर उद्या कुठे दिसतो तुम्हाला?" ती म्हणाली.

"मग आणा हातोडा! फोडून टाकू."

बायकोच्या मागे उभा असलेला किल्लीवाला पुढे झाला. "कुलपाने काय घोडं मारलंय साहेब? मी उघडतो. पण तुमच्या सांगण्यावरून उघडलं, असं पंचनाम्यात लिहा. आधी लिहा."

साहेबाने निमूट लिहिलं. हत्यारं सगळी शटरच्या आत अडकलेली. किल्लीवाल्याने शेजारच्या छत्रीवाल्याकडून एक मोडकी काडी मागून घेतली, तिचं टोक पायरीवर घासलं, जरासं वाकवलं आणि कुलपापुढे उकिडवा बसला. जमलेले लोक नीट बघायला वाकेपर्यंत कुलूप त्याच्या हातात आलंसुद्धा.

साहेब बघतच राहिला. "एवढं सोपं होतं? मग एक्केचाळीस दिवस तुम्ही बाहेर फुटपाथवर बसून..."

किल्लीवाल्याने वाकून शटर वर ढकललं. त्याची बायको मात्र ओशाळली. कारण एक्केचाळीस दिवस तिनेही हेच टुमणं लावलं होतं. "अहो, साऱ्या गावाची दारं उघडता आणि आपल्याच दारापुढे हात बांधून बसता! निदान मशीन तरी काढून आणा, कोण बघतंय?" त्यावर तो एवढंच म्हणाला होता, "लोक घर बंद करून किल्ली माझ्या हातात देतात. हे उघडलं तर उद्या कोण देईल?" तेव्हा ती चिडून म्हणाली होती, "मग सचोटीच शिजवून घालते पोरांना!" आणि दोन दिवस त्याच्याशी बोलली नव्हती. शेजारीपाजारी तर खुशाल म्हणत होते, हा कसला गप्प बसतोय, आतून माल हलवत असेल.

तेच शेजारी आता माना उंचावून बघत होते. आत जप्तीच्या यादीप्रमाणे सगळं जागच्या जागी होतं. किल्ल्या कापायचं मशीन, कानशी, खिळ्यांवर टांगलेल्या कोऱ्या किल्ल्या. प्रत्येकावर बोटभर धूळ. तिला नवऱ्याचा इतका अभिमान वाटला की आपण बोललेले शब्द तिलाच टोचायला लागले.

'कुलूप काढून दुकान ताब्यात दिले,' साहेबाने भराभर लिहिलं आणि कागद सहीसाठी पुढे केला.

"थांबा," ती म्हणाली. "एक ओळ राहिली."

"सगळं आलंय बाई."

तिने नवऱ्याच्या हातातलं कुलूप घेतलं, हाताने पुसलं आणि साहेबाच्या डोळ्यांपुढे धरून उलटसुलट फिरवलं. "लिहा. हे कुलूप एक्केचाळीस दिवस या माणसाच्या दारावर होतं, आणि त्याच्यावर एक ओरखडा नाही."

साहेबाने चष्मा चढवून कुलूप निरखून पाहिलं. मग कागद परत ओढून घेतला आणि सावकाश, एकेक अक्षर कोरत ती ओळ लिहिली.

"आता मोठ्याने वाचा," ती म्हणाली. "मागच्यांना ऐकू जाऊ दे."