नावाची अट

“घोड्यांची लीद उचलणारे,” पंडित म्हणाला आणि समाधानानं सोफ्यावर मागे रेलला. “तुमच्या आडनावाचं मूळ ते. राजाची स्वारी पुढे निघाली, की मागून टोपली घेऊन धावायचं. काम वाईट असं मी म्हणत नाही. कुणीतरी करायलाच हवं.”

मुलीचे वडील ड्रायव्हिंग स्कूल चालवत. रोज नवशिक्यांच्या हाती जीव सोपवून शेजारी बसणारा माणूस, सहसा चिडत नसे. त्यांनी चहाचा कप खाली ठेवला, तो मात्र जरा आवाज करून. पंडिताच्या बायकोनं घाईघाईनं बिस्किटांची बशी पुढे सरकवली. तिनं सकाळपासून नवऱ्याला बजावलं होतं, की आज आडनावांत शिरू नका. पोरानं स्वतः पसंत केलेली मुलगी आहे, आपण फक्त हो म्हणायचंय. त्यानं मान डोलावली होती. ती मान किती खरी मानायची, हे इतक्या वर्षांत तिला कळायला हवं होतं.

पंडित ही गल्लीनं त्याला चिकटवलेली पदवी. कॉलेजातून निवृत्त झाल्यावर तो रविवारच्या पुरवणीत नावांची कुळकथा सांगणारं सदर लिहू लागला, आणि तेव्हापासून त्याचे पाय जमिनीला लागेनात. समोरच्याचं आडनाव कळलं, की त्याच्या खापरपणजोबाला एखादी हलकी नोकरी लावून दिल्याशिवाय त्याला चैन पडत नसे. दातांच्या डॉक्टरला तर त्यानं खुर्चीत आडवं पडल्यापडल्याच सांगितलं, की तुमचे पूर्वज खिसेकापू. डॉक्टरनं त्या दिवशी भूल जरा बेतानंच दिली. तरी खोड गेली नाही. त्याच्या स्वतःच्या आडनावाचा मूळपुरुष अर्थातच राजाचा प्रधान निघाला होता. पुरावा मागायची कुणाची टाप नव्हती.

“आता मुलीच्या नावाकडे येऊ,” पंडित म्हणाला. “अर्थ काय, तर वीज. वीज काय करते? घरावर पडते. असलं नाव आमच्याकडे चालायचं नाही, लग्नात बदलावं लागेल. मी शोधून ठेवलंय. मंद तेवणारी ज्योत असा अर्थ होतो.”

“मी नाव बदलणार नाही, काका,” मुलगी म्हणाली. ती लहान मुलांच्या दवाखान्यात नर्स होती. हट्टी पेशंटशी आवाज न चढवता बोलायची तिला सवय होती.

“मग लग्न होणार नाही. अट म्हणजे अट.”

मुलगा पायाच्या अंगठ्यानं सतरंजी उकरत बसला होता. हिच्याशी लग्न झालं नाही तर तो दुसऱ्या कुणाशी करायचा नाही, हे त्याच्या आईला ठाऊक होतं. आणि बापापुढे तोंडही उघडायचा नाही, हेसुद्धा. असलं मेषपात्र आपणच वाढवलं, या विचारानं तिला स्वतःचाच संताप आला.

पंडिताला मात्र चेव चढला होता. “अहो, यात एवढं दुखण्यासारखं काय आहे? हिचंसुद्धा मीच बदललं, विचारा हवं तर.” त्यानं अंगठ्यानं बायकोकडे खूण केली. मग तिचं माहेरचं नाव त्यानं जिभेवर घोळवून घोळवून उच्चारलं. “मूळ अर्थ कोंडा! धान्य पाखडताना उडून जातो ना, तो. बापानं काय बघून ठेवलं होतं कोण जाणे. मी तिला थेट धरित्रीचं नाव दिलं. सोनं झालं हिच्या आयुष्याचं!”

“ते कोंड्याचं नाव माझ्या धाकट्या बहिणीचं,” बायको म्हणाली.

“काहीतरीच काय! मीच बदललंय ना?”

“बदललंत तुम्हीच. काय बदललंत, ते तुमच्या लक्षात नाही.”

पंडिताच्या डोक्यात अख्ख्या गावाची आडनावं होती, पाळण्यातल्या पोरांपासून मेलेल्या म्हाताऱ्यांपर्यंतची नावं होती. ती सगळी त्यानं घाईघाईनं चाळलेली त्याच्या चेहऱ्यावर दिसली. हवं ते सापडलं नाही.

“मग तुमचं काय होतं, काकू?” मुलीनं विचारलं.

बायकोनं सांगितलं. छोटंसं, साधंच नाव होतं. आईवडील गेल्यापासून ते कुणी घेतलं नव्हतं. मुलाचा अंगठा थांबला. आपल्या आईला असं काही नाव होतं, हे तो पहिल्यांदाच ऐकत होता.

तेवढ्यात पंडित सावरला. “हां, हां, आठवलं! त्याचीही व्युत्पत्ती मोठी मजेशीर आहे बरं का. मूळ धातू—”

मुलीचे वडील उठले. “चल,” ते मुलीला म्हणाले. मुलीनं पर्स उचलली. तिनं मुलाकडे एकदा पाहिलं. तो हललाही नाही.

पंडिताची बायको दारात जाऊन उभी राहिली. “तुम्ही बसा हो,” ती मुलीच्या वडिलांना म्हणाली. मग नवऱ्याकडे वळली. “आणि तुम्ही तो धातू गिळा.”

पंडितानं गिळला.

“पोरी, तू तुझं नाव घेऊनच ये,” ती म्हणाली. “इथे बदलून काही उपयोग नसतो. ते धरित्रीचं एवढं थोर नाव ह्यांनी लग्नाच्या दिवशी एकदा तोंडातून काढलं. तेव्हापासून ह्यांचं ‘अगं’वरच भागतंय.”